शब्दचर्चा : फडणीस, चिटणीस, पारसनीस… हा ‘नीस’ कुठला?

प्रश्न : फडणीस, चिटणीस, पोतनीस, पारसनीस, सबनीस ही आडनावं एकाच साच्यातली वाटतात. शेवटचा ‘नीस’ मराठी आहे का? आणि काहींत ‘ण’, काहींत ‘न’ का येतो?

---

‘नीस’ म्हणजे फारसीतला ‘नवीस’, लिहिणारा. ‘नविश्तन’ म्हणजे लिहिणे, त्या क्रियापदातून तो आला. हिंदी-उर्दूतले अर्जीनवीस, नक्शानवीस, अखबारनवीस हे याच घडणीचे. मराठीत बोलताना मधला ‘व’ गळाला आणि ‘नीस’ उरलं. जुनं रूप सगळीकडून गेलेलं नाही. फडणवीस आणि फडणीस दोन्ही चालतात, नागपूरकडे चिटणवीस हे आडनाव आहे.

‘ण’चा प्रश्न उच्चाराचा आहे. आधी ट किंवा ड असला की जीभ वर वळलेलीच असते, म्हणून पुढच्या ‘न’चा ‘ण’ होतो : चिटणीस, फडणीस, कोटणीस. इतर ठिकाणी ‘न’ टिकतो : पोतनीस, पारसनीस, सबनीस, खासनीस, जमेनीस, वाकनीस. टिपणीस या नियमात बसत नाही असं वाटेल, पण तिथला ‘ण’ मुळातच ‘टिपण’ या शब्दातला आहे. टिपण लिहितो तो टिपणीस.

---

वरच्यात भर. ‘नीस’चा अर्थ सगळीकडे एकच. माणूस कुठल्या टेबलावर बसायचा ते पहिल्या भागावरून कळतं.

चिटणीस चिठ्ठ्यांचा, म्हणजे पत्रव्यवहाराचा. मायना, बिरुदं, कोणाला कसं लिहायचं हे त्याला तोंडपाठ असावं लागे. पारसनीस म्हणजे फारसीनवीस. मोगल दरबाराशी पत्रव्यवहार फारसीत चालायचा, त्यासाठी हा वेगळा माणूस. पोतनीसाकडे पोत, म्हणजे खजिन्याचा हिशेब. (पोतदार त्याचाच शेजारी, पण त्याचं मुख्य काम नाणी पारखण्याचं.) जमेनीस जमेची बाजू लिहायचा. वाकनीसातला ‘वाका’ म्हणजे घडलेली गोष्ट, वृत्तान्त.

कारखानीस या आडनावात हमखास चूक होते. आजचा कारखाना डोळ्यांपुढे आणून यंत्रांशी संबंध जोडला जातो. जुन्या राज्यकारभारात कारखाना म्हणजे कोठार किंवा सामानाचं खातं. किल्ल्यावर कारखानीस धान्य, दारूगोळा आणि इतर सामग्रीचा हिशेब ठेवायचा, सबनीस हजेरी आणि जमाखर्च पाहायचा, हवालदार आणि सरनौबत शिबंदी, म्हणजे किल्ल्यावरची फौज, सांभाळायचे. एकाच्या हाती सगळा किल्ला जाऊ नये म्हणून ही वाटणी होती.

---

फडणीस ‘फड’वरून की ‘फर्द’वरून?

---

दोन्ही मतं सांगितली जातात. पेशव्यांच्या हुजूर दफ्तरात, म्हणजे मुख्य कचेरीत, ‘फड’ नावाची शाखाच होती, त्यामुळे फड + नवीस सहज सुचतं. मला ‘फर्द’ जास्त पटतो. फर्द म्हणजे सुटा कागद, यादी. चिठी, टिपण, वाका, जमा यांसारखाच तोही लिहायच्या वस्तूचं नाव सांगतो, आणि फर्दनवीसचं फडणवीस व्हायला उच्चाराची अडचण नाही.

---

एक गोष्ट इथे यायलाच हवी. १६७४ साली राज्याभिषेकाच्या वेळी शिवाजी महाराजांनी प्रधानांची फारसी पदनामं बदलून संस्कृत केली. मुजुमदार अमात्य झाला, वाकनीस मंत्री, सुरनीस सचिव, डबीर सुमंत, सरनौबत सेनापती. दरबारी फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द देणारा राज्यव्यवहारकोशही तयार करवून घेतला. तरी खालच्या दफ्तरांत चिटणीस, फडणीस, सबनीस चालूच राहिले आणि पुढे आडनावं होऊन बसले. हुद्दा वंशपरंपरेने चालला की त्याचं आडनाव व्हायला दोन-तीन पिढ्या पुरतात, मग राज्यकर्त्याने शब्द बदलला तरी घराण्याचं नाव बदलत नाही. डबीर आणि मुजुमदार ही आडनावंही म्हणूनच आजवर आहेत.

---

बंगालीत या ‘नीस’चे सख्खे भाऊ आहेत. संख्याशास्त्रज्ञ प्रशांतचंद्र महालनोबीस (१८९३–१९७२) यांच्या आडनावात महाल + नवीस आहे. महाल म्हणजे महसुलाचा विभाग. आपल्याकडे खासनीस, तिकडे खासनबीश. आपल्याकडे मुजुमदार, तिकडे मजुमदार, गुजरातेत मजमुदार. बंगालीत ‘व’चा ‘ब’ होतो, त्यामुळे ‘नवीस’चं ‘नबीश’ झालं आणि मधलं अक्षर टिकलं. मराठीत तोच ‘व’ गळाला. उमेदवार शिकाऊला बंगालीत आजही ‘शिक्षानबीश’ म्हणतात. इराणात ‘खोशनेवीस’ म्हणजे सुलेखनकार, तेही आडनाव म्हणून आढळतं.

सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस १९३८ साली वैद्यकीय पथकाबरोबर चीनला गेले आणि १९४२ मध्ये तिथेच वारले. चिनी आडनाव बहुधा एका अक्षराचं असतं, म्हणून तिथे ‘कोटणीस’मधला फक्त ‘को’ घेऊन ‘के’ केला आणि पूर्ण नाव झालं के दिहुआ. कोटाचा, म्हणजे किल्ल्याचा, लेखनिक हा अर्थ त्यात अर्थातच उरला नाही.

---

घराण्याचा शोध घेणाऱ्यांसाठी. हे हुद्दे फक्त पुण्याच्या दरबारात नव्हते. सरदारांकडे, महालांत, किल्ल्यांवर प्रत्येक ठिकाणी आपापला फडणीस, सबनीस असे. त्यामुळे दोन फडणीस घराणी एकमेकांची भाऊबंद असतीलच असं नाही, आणि आडनावावरून जात तर मुळीच ठरवू नये. चिटणीस ब्राह्मणांत आहेत तसे चांद्रसेनीय कायस्थ प्रभूंतही आहेत.

आधी गोत्र, कुलदैवत आणि ‘मूळ उपनाव काय’ हे घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारा. नाना फडणवीसांचं (१७४२–१८००) मूळ उपनाव भानू. चित्पावन असाल तर छापील कुलवृत्तान्त मूळ उपनावाखाली शोधा, हुद्द्याखाली शोधलात तर हाती काही लागणार नाही. मोडी कागदांत नानांचा उल्लेख बहुतेक ‘बाळाजी जनार्दन’ असा, म्हणजे स्वतःचं आणि वडिलांचं नाव एवढाच येतो. तेव्हा कागदात नुसतं ‘फडणीस’ दिसलं तर ते आडनाव समजू नका, त्या जागेवर तेव्हा जो कोणी होता तो. तारीख आणि ठिकाण पाहून माणूस ठरवावा लागतो. मोडीत ऱ्हस्व-दीर्घ इकाराचा भेद पाळलेला नसतो, म्हणून ‘निस’ की ‘नीस’ यावरून काही सिद्ध होत नाही.

---

इंग्रजी नोंदी शोधताना फडणीस ‘पीएच’ने आणि ‘एफ’ने, दोन्ही तऱ्हेने पाहा, शिवाय मध्ये ‘व्ही’ असलेलं आणि नसलेलं. एकाच घरातल्या दोन भावांच्या कागदपत्रांत हा फरक सापडतो.

आणि ‘नवीस’ फक्त आडनावांतच राहिला असं नाही. पक्षाचा सरचिटणीस आहेच. सरकारी कचेरीत आलेला अर्ज ज्या टेबलावर नोंदवून क्रमांक पडतो, त्या आवक बारनिशीतला ‘निशी’ हाच.