दीड वर्षाच्या मुलाचं वजन सहा महिन्यांत फक्त 600 ग्रॅम वाढलं. मदत हवी आहे

अबोली

मुलगा 18 महिन्यांचा. पूर्ण दिवसांचा, जन्मवजन 2.7 किलो. वर्षाचा झाला तेव्हा 8.6 किलो होता, आता 9.2. लांबी 80 सें.मी. अंगणवाडीच्या तक्त्यावर हिरव्या पट्ट्यात येतो, म्हणून तिथल्या ताई म्हणतात काळजी नको. सासूबाई म्हणतात बाळसं पार उतरलं. चालतो, पळतो, आजारपण विशेष नाही. अंगावरचं दूध बंद आहे. गाईचं दूध दिवसाला 800 ते 900 मि.ली., बाटलीने, त्यातल्या दोन बाटल्या रात्री. जेवण म्हणजे वरणाचं पाणी घातलेला भात चार घास, नाचणीची पातळ खीर, मधे बिस्किटं. ताट दिसलं की तोंड फिरवतो. डब्यातली प्रोटीन पावडर सुरू करू का?

सोनटक्का

बाळसं उतरण्याची चिंता सोडा. दुसऱ्या वर्षात मुलं पळायला लागतात आणि गुबगुबीतपणा कमी होतो, तसाच तो व्हायला हवा. मात्र "हिरव्यात आहे" एवढ्यावर थांबू नका, रेषेचा कल बघा. जागतिक आरोग्य संघटनेच्या तक्त्यात मुलाचं मधलं वजन 12 महिन्यांना 9.6, 18 ला 10.9 आणि 24 ला 12.2 किलो आहे. तुमचा मुलगा वर्षाचा असताना मधल्या रेषेच्या खालच्या पहिल्या रेषेवर (उणे 1) होता. त्याच रेषेवर राहिला असता तर आज 9.8 किलो भरला असता. हिरवा पट्टा 8.8 ला संपतो, म्हणजे तो अजून आत आहे, पण स्वतःची रेषा सोडून खाली आलाय.

लांबी चांगली आहे (18 महिन्यांना मधली 82.3). 80 सें.मी. लांबीच्या मुलाचं मधलं वजन 10.4 किलो आणि धोक्याची रेषा 8.9. म्हणजे उंची टिकून आहे आणि वजन मागे पडतंय. असं दिसलं की आधी पोटात काय जातंय ते तपासायचं.

आणि बिंदू मुलग्यांच्या, निळ्या तक्त्यावरच मांडलाय ना हे बघा. मुलींच्या तक्त्यात 18 महिन्यांचं मधलं वजन 10.2 आहे. चुकून त्यावर मांडलं तर 9.2 अगदी ठीक वाटेल.

कंदील

त्याआधी मापं पुन्हा घ्या. भरलेलं पोट, ओला डायपर आणि स्वेटर मिळून अर्ध्या किलोचा फरक सहज पडतो. सकाळी शू झाल्यावर, दूध पाजायच्या आधी, कपडे काढून, दर वेळी त्याच काट्यावर वजन करा. काटा सपाट फरशीवर हवा, गादीवर किंवा सतरंजीवर नको. महिन्यातून एकदा पुरे. रोज केलं तर नुसता जीव टांगणीला लागतो. दोन वर्षांच्या आत लांबी झोपवून मोजतात. एकाने डोकं धरायचं, दुसऱ्याने गुडघे सरळ करायचे. उभं करून मोजली असेल तर 0.7 सें.मी. मिळवा.

गोदाकाठ

गोम दुधात आहे. 850 मि.ली. गाईच्या दुधात साडेपाचशेच्या आसपास कॅलरी जातात, एवढ्याने छोटं पोट भरतं. मग ताट बघून तोंड फिरवणारच. शिवाय गाईच्या दुधात लोह नगण्य, आणि इतर अन्नातलं लोह अंगी लागायलाही ते आड येतं. लोह कमी पडलं की भूक आणखी मरते. हे चक्र दुधाच्या बाजूनेच तोडावं लागतं.

दही धरून दूध 400 मि.ली.पर्यंत आणा, पण एका दिवसात नको. आधी दिवसाच्या बाटल्या पेल्यावर न्या. मग रात्रीच्या बाटलीतलं दूध दर दोन-तीन दिवसांनी 30 मि.ली. कमी करा. पहिले काही दिवस रडारड होईल, जेवण लगेच वाढणार नाही, वजन थोडं अडकलेलं दिसेल. बहुतेक घरं नेमकी इथेच माघार घेतात. जेवणाच्या आधीचे दोन तास दूध, बिस्किट, रस काहीही नको, फक्त पाणी. जेवायला 25 मिनिटं, समोर मोबाईल नाही. नाही खाल्लं तर ताट उचला आणि पुढच्या वेळेलाच द्या. मागे लागून भरवू नका.

अबोली

बाटली मीच धरून ठेवली होती, हे पटलं. अंडं चालतं आमच्याकडे. नाचणीची खीर बंद करू का? आणि पावडर?

गोदाकाठ

नाचणी चालू ठेवा, पातळपणा बंद करा. नाचणीत कॅल्शियम भरपूर, पण पेजेसारखी केली तर वाटीभर पाणीच पोटात जातं. घास चमच्यावर टिकला पाहिजे, ओघळता कामा नये. वरणाच्या पाण्याऐवजी घट्ट वरण. एका वेळच्या खिचडीला 2 टेबलस्पून तांदूळ, 1 टेबलस्पून मूगडाळ, चिरलेला पालक किंवा गाजर, उतरवल्यावर 1 चमचा तूप (सुमारे 40 कॅलरी) आणि 1 चमचा शेंगदाण्याचं बारीक कूट. वरून लिंबू पिळा, लोह शोषायला मदत होते. अख्खे शेंगदाणे, फुटाणे, अख्खी द्राक्षं देऊ नका, श्वासनलिकेत अडकतात. रोज एक पूर्ण शिजवलेलं अंडं. दिवसात तीन-चार जेवणं आणि एक-दोन वेळा मधलं खाणं: थालीपीठ, केळं, तुपातला शिरा. चहाचा घोटसुद्धा नको.

पावडर नको. गोड चवीची सवय लागते आणि दुधाचा आणखी एक पेला वाढतो.

सोनटक्का

अंगणवाडीत किंवा आशाताईंकडे लोह-फॉलिक आम्लाचं सिरप मिळतं. या वयाला आठवड्यातून दोनदा 1 मि.ली., दुधासोबत नाही. शी काळी होते, घाबरू नका. पण हा प्रतिबंधाचा डोस आहे. रक्त खरंच कमी असेल तर उपचाराचा डोस वेगळा असतो, म्हणून बालरोगतज्ज्ञांकडून रक्ताची तपासणी करून घ्या. जंताची गोळी दोन वर्षांच्या आत अर्धी, 200 मि.ग्रॅ.

दूध कमी केल्यावर दोन महिन्यांत वजन वाढलं नाही किंवा घटलं, शी सतत पातळ, तेलकट आणि उग्र वासाची होऊ लागली, ताप किंवा खोकला दोन आठवड्यांवर गेला, घरात कुणाला क्षयरोग असेल, तर थांबू नका. पावलांवर सूज आली किंवा दंडाचा घेर 11.5 सें.मी.च्या खाली गेला तर त्याच दिवशी दवाखाना.