शेजाऱ्याचा मोबदला वाढला. निषेध न नोंदवता रक्कम घेतलेल्यांना मार्ग आहे का?

प्रश्न : वाचक, कोथरूड

शिरूर तालुक्यातील आमच्या वडिलोपार्जित जिरायत जमिनीपैकी काही क्षेत्र राज्य शासनाने 2013 च्या भूसंपादन कायद्याखाली रस्त्यासाठी घेतले. निवाडा (मोबदला ठरवणारा आदेश) झाला तेव्हा वडील आजारी होते. खात्यावर आलेली रक्कम त्यांनी निषेध न नोंदवता स्वीकारली आणि वाढीव मोबदल्यासाठी कलम 64 खाली अर्ज करण्याची मुदतही निघून गेली. बांधाला बांध असलेल्या शेतकऱ्याने मात्र वेळेत अर्ज केला होता आणि गेल्या महिन्यात मोबदल्याचे वाद ऐकणाऱ्या प्राधिकरणाने त्याचा दर बराच वाढवून दिला. माती तीच, अधिसूचना तीच, मग आम्ही कमी दरावरच थांबायचे का? सही करून पैसे घेतले म्हणजे विषय संपला, असे गावात सांगितले जाते. जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

उत्तर : दिवाणी वकील, शिवाजीनगर

विषय संपलेला नाही, पण तुमच्या हाती वेळ थोडा आहे. निषेध न नोंदवता रक्कम घेतल्यास कलम 64 चा मार्ग कलम 77 मुळे बंद होतो, हे गावकऱ्यांचे म्हणणे तेवढ्यापुरते बरोबर आहे. तथापि, ज्यांनी असा अर्ज केलाच नाही त्यांच्यासाठी कलम 73 आहे. त्याच प्राथमिक अधिसूचनेतील (जमीन घेण्याच्या पहिल्या जाहीर सूचनेतील) दुसऱ्या खातेदाराला प्राधिकरणाने जास्त मोबदला दिला, तर उरलेल्यांना त्या निर्णयाच्या आधारे फेरनिर्धारणाचा, म्हणजे मोबदला पुन्हा ठरवण्याचा, लेखी अर्ज जिल्हाधिकाऱ्यांकडे करता येतो. अशीच तरतूद 1894 च्या जुन्या कायद्यात 1984 च्या दुरुस्तीने कलम 28-अ म्हणून आली होती, कारण अज्ञानामुळे किंवा गरिबीमुळे दाद मागू न शकलेल्या शेतकऱ्याला त्याच्या शेजाऱ्यापेक्षा कमी मिळावे, हे कायदेमंडळालाही अन्यायाचे वाटले.

अर्जाची मुदत तीन महिने आहे आणि ती निर्णयाच्या तारखेपासून मोजली जाते. तो दिवस आणि प्रमाणित प्रत मिळवण्यास लागलेला काळ त्यातून वगळतात. निर्णय आपल्याला कधी कळला याला येथे महत्त्व नाही. 28-अ बाबत सर्वोच्च न्यायालयाने हे 2003 मध्ये स्पष्ट केले आहे. त्यामुळे प्रमाणित प्रतीसाठी आजच अर्ज करावा. प्रत हाती येताच फेरनिर्धारणाचा अर्ज दाखल करून पोच घ्यावी आणि तोंडी आश्वासनावर एक दिवसही घालवू नये. ही मुदत चुकल्यामुळे हक्काचा मोबदला गमावलेली कुटुंबे मी पाहिली आहेत, म्हणून इतक्या आग्रहाने लिहीत आहे.

उत्तर : निवृत्त महसूल कर्मचारी, हडपसर

वरील सल्ल्याशी मी पूर्ण सहमत आहे. अर्जापूर्वी आपला गट क्रमांक शेजाऱ्याच्याच प्राथमिक अधिसूचनेत आहे, याची मूळ प्रत पाहून खात्री करा. एकाच रस्त्यासाठी गावोगावी, कधी एकाच गावात टप्प्याटप्प्याने, वेगवेगळ्या अधिसूचना निघतात आणि तेथे कलम 73 चा आधार मिळत नाही. जमीन सामाईक असेल, तर निवाड्यात नावे असलेल्या सर्व हिस्सेदारांनी मिळून अर्ज केलेला बरा. संपादन राष्ट्रीय महामार्ग अधिनियम, 1956 खाली झाले असेल, तर मोबदल्याचा वाद कलम 3-जी(5) खाली लवादाकडे जातो आणि हा मार्ग लागू होत नाही. म्हणून नोटिशीवर नेमका कोणता कायदा छापला आहे, ते आधी वाचावे.

उत्तर : शेतकरी, खेड तालुका

शेजाऱ्याला मिळालेला दर तुम्हाला जसाच्या तसा मिळेल, असे गृहीत धरू नका. जिल्हाधिकारी चौकशी करून मोबदला ठरवतात आणि त्यात जमिनीचा दर्जा, रस्त्यालगतची बाजू व क्षेत्र यांचा फरक पडू शकतो. आपल्या पुण्याच्याच जमिनीवरून गेलेल्या ‘चिमणलाल हरगोविंददास’ प्रकरणात 1988 साली सर्वोच्च न्यायालयाने लहान भूखंडाचा दर मोठ्या क्षेत्राला लावताना साधारण 20 ते 50 टक्के वजावट करता येते, असे म्हटले होते. सातबारा, संयुक्त मोजणीचा नकाशा आणि जमिनीचे जुने फोटो अर्जाला जोडा, म्हणजे दोन्ही जमिनींतील साम्य कागदावर दिसेल. ठरवलेली रक्कम मान्य नसेल, तर प्रकरण प्राधिकरणाकडे पाठवण्याची मागणी कलम 73 खालीच करता येते.

प्रयत्न सोडू नये याचे एक कारण हिशेबातही आहे. नव्या कायद्यात 100 टक्के दिलासा रक्कम (मोबदल्याइतकीच जादा रक्कम) असल्याने बाजारमूल्यात एक लाखाची वाढ झाली, तर ग्रामीण भागासाठी बाजारमूल्याला गुणायचा गुणांक 1 धरला तरी वाढ दोन लाखांची होते आणि व्याज वेगळे. शासन 60 दिवसांत उच्च न्यायालयात अपील करू शकते. तसे झाले, तर तुमचा अर्ज काही काळ प्रलंबित राहू शकतो. पण अपील होईल या अंदाजाने अर्ज लांबवू नका. मुदतीत दिलेला अर्ज थांबून राहिला तरी हक्क शाबूत राहतो.