आमिश, आमिष आणि ‘वाळीत टाकणे’

पाटीपेन्सिल
दिवाळी अंकासाठी एका लेखाचं भाषांतर करतेय. विषय अमेरिकेतले आमिश लोक. घोडागाडीतून फिरणारे, घरात तारेवरची वीज न घेणारे, दाढी ठेवून मिशी काढणारे, तेच. लेख चांगला आहे, पण तीन-चार शब्दांपाशी गाडी रुतली आहे. त्यांच्याकडे मंडळाबाहेर काढलेल्या माणसाशी व्यवहार तोडतात, त्याला इंग्रजीत शनिंग आणि त्यांच्या जर्मनमध्ये माइडुंग म्हणतात. मी सरळ ‘वाळीत टाकणे’ लिहिलं. संपादकांनी समासात लाल शाईनं लिहिलंय, ‘या शब्दाला आपल्याकडे फार इतिहास चिकटलेला आहे, दुसरा बघा.’ ऑर्डनुंगचं, म्हणजे त्यांच्या मंडळाच्या नियमांचं, मी ‘नियमावली’ केलं, ते मलाच पटत नाही. रुमस्प्रिंगाला, म्हणजे बाप्तिस्म्याआधीच्या तरुणपणीच्या काळाला, ‘उनाडकी’ केलं. आणि बाहेरचा माणूस त्यांच्यात ‘जॉइन’ होतो, त्याचं काय करू? आमिश झाला? आमिश धर्म स्वीकारला?

शिवाय टाइप करणाऱ्यानं सगळीकडे ‘आमिष’ केलंय. लेखाचं शीर्षक सध्या ‘आमिष जीवनाची ओढ’ असं आहे.

जुनंपान
शीर्षक तसंच ठेवा, अंक खपेल.

आता गंभीरपणे. आमिष म्हणजे मुळात मांस, म्हणून सामिष आणि निरामिष. गळाला लावायचा तुकडाही तोच, आणि त्यावरून लालूच. तुमच्या लोकांचा त्याच्याशी काही संबंध नाही. स्वित्झर्लंड आणि अल्सास भागात याकोब आमान नावाचा एक धर्मवडील होता, त्याच्या नावावरून आमिश. रामदासांचे रामदासी म्हणतो तसं. तेव्हा शहामृगाचा श.

पण ताई, ज्या शब्दापाशी तुमची गाडी रुतली तो यांच्या इतिहासातला साधासुधा शब्द नाही. १६९३ साली आमान आपल्या जुन्या पंथबंधूंपासून फुटला तो मुख्यतः याच मुद्द्यावर. मंडळाबाहेर काढलेल्याशी जेवणखाणही बंद करायचं की नाही? आमान म्हणे करायचं. हान्स राइस्ट नावाचा दुसरा वडील म्हणे, प्रभुभोजनापासून (उपासनेतल्या भाकरी-द्राक्षरसाच्या विधीपासून) दूर ठेवलं तेवढं पुरे. आमाननं राइस्टलाच बाहेर काढलं. म्हणजे या एका शब्दाच्या अर्थावरून एक अख्खा पंथ उभा राहिला. पुढे लोकांनी या दोन गटांना कपड्यांवरून नावं पाडली, हेफ्टलर आणि क्न्योपफ्लर. हूकवाले आणि गुंडीवाले! आमिश ते हूकवाले. (माझ्या आजोळी एका घराण्याच्या दोन शाखांना ‘पागोटेवाले’ आणि ‘टोपीवाले’ म्हणत. माणसं सगळीकडे सारखीच.)

आणखी एक. मूळ जर्मनमध्ये दोन वेगळे शब्द आहेत. बान म्हणजे मंडळाबाहेर काढण्याचा निर्णय. माइडुंग म्हणजे त्यानंतरचं वागणं. धातूचा अर्थ नुसता ‘टाळणे’. आपलं ‘वाळीत टाकणे’ हे दोन्ही एकाच घासात गिळतं.

दफ्तरदार
संपादकांशी मी सहमत नाही. शब्दाला इतिहास चिकटलेला आहे म्हणून तो टाळायचा, ही कुठली रीत? उलट तो चिकटलेला आहे म्हणूनच वापरावा, म्हणजे वाचकाला त्यातली धग कळेल. १९४७ साली ओहायोत वेन काउंटीत अँड्र्यू योडर नावाच्या शेतकऱ्यानं आपल्या जुन्या मंडळीच्या धर्मवडिलांवर याच कारणासाठी दावा लावला होता. मोटार वापरायला मुभा असलेल्या दुसऱ्या मंडळीत तो गेला, म्हणून त्याच्याशी व्यवहार तोडले होते. कोर्टानं त्याला ५००० डॉलर भरपाई दिली. त्यानंतर दोनच वर्षांनी, १९४९ साली, आपल्याकडे मुंबई प्रांतानं बहिष्कृत करण्यावर बंदी घालणारा कायदा केला. तो १९६२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं रद्द केला; दाऊदी बोहरा समाजाचं प्रकरण होतं आणि मुद्दा होता पंथाच्या धर्मस्वातंत्र्याचा. मग थेट २०१६ चा महाराष्ट्राचा सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा. तीन वर्षांपर्यंत कैद किंवा लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही. दोन्ही देशांत प्रश्न तोच असेल तर शब्दही तोच असू द्या.

तुळशीमाळ
दफ्तरदार, प्रश्न तोच नाही. आपल्याकडे गावकी किंवा जातपंचायत ज्याला वाळीत टाकते, त्यानं त्या जातीत किंवा गावात जन्माला येण्यापलीकडे काही कबूल केलेलं नसतं. पोरीनं मनानं लग्न केलं, की अख्खं घर वाळीत. आमिश पोर जन्मानं मंडळीची सभासद नसते. बाप्तिस्मा मोठेपणी, स्वतःच्या तोंडानं शपथ घेऊन. साधारण अठरा ते बावीसच्या वयात. ज्यानं तो घेतलाच नाही आणि घर सोडलं, त्याला बान नाही, माइडुंगही नाही. आईबाप रडतील, पण ताटाला ताट लावून जेवतील. घेऊन मोडला, तर मात्र.

आमच्याकडे माळ घालतात ना, तसं समजा. माळकऱ्याच्या घरात जन्मलं म्हणून कुणी माळकरी होत नाही. माळ स्वतः घालावी लागते, आणि घातली की मग मटणाच्या ताटावर बसता येत नाही. ‘वाळीत’मध्ये जन्म आहे. इथे वचन आहे.

दफ्तरदार
माळ तोडली म्हणून तुमच्या आईनं तुम्हाला वेगळ्या टेबलावर वाढलं का हो?

तुळशीमाळ
नाही. तिथे माझी उपमा तोकडी पडते, मान्य.

उंबरठा
मी लँकेस्टरपासून तासाभरावर राहते, पेन्सिल्वेनियातच. भारतातून कुणी आलं की फिलाडेल्फियाची घंटा आणि आमिश खेडी, हा आमचा ठरलेला फेरा. तुमच्या यादीत नसलेला एक शब्द सांगते, इंग्लिश. आमिशांच्या तोंडी जो आमिश नाही तो इंग्लिश. सासूबाई नऊवारीत होत्या. घोडागाडी हाकणाऱ्या आजोबांनी अगदी प्रेमानं विचारलं, तुमच्या इंग्लिश लोकांत हे रोज नेसतात का? सासूबाईंचा चेहरा बघायला हवा होता. त्यांच्या वडिलांनी बेचाळीसच्या चळवळीत तुरुंगवास भोगलेला!

ते स्वतः घरात जी बोली बोलतात तिला डाइच म्हणतात. तिचंच इंग्रजीत ‘पेन्सिल्वेनिया डच’ झालं आणि हॉलंडशी काही संबंध नसताना ते डच ठरले. घरात डाइच, प्रार्थनेत जुनी ग्रांथिक जर्मन, शाळेत आणि दुकानात इंग्रजी. म्हणून इंग्लिश बोलणारे ते इंग्लिश. भाषांतरात ‘इंग्रज’ करू नका, घोटाळा होईल. ‘परके’ही नको, त्यात दुरावा आहे आणि या शब्दात तो असतोच असं नाही. ‘इंग्लिश’च ठेवा आणि एकदा समजावून सांगा.

जवळच इंटरकोर्स नावाचं गाव आहे. सगळे पाटीजवळ फोटो काढून खिदळतात. जुन्या इंग्रजीत त्या शब्दाचा अर्थ येणंजाणं, देवाणघेवाण, व्यवहार. आपल्या ‘संबंध’ शब्दाचं तेच झालंय. दफ्तरदार ‘व्यवहार तोडले’ म्हणाले, ते वाचून आठवलं.

नगरवाला
मी नगरचा, घर ख्रिस्ती. एक सुचवू का? जर्मन ‘गेमाइंड’चं त्यांच्या बोलीत ‘ग्माय’ होतं. म्हणजे चर्च, पण इमारत नव्हे, माणसं. आमिशांना चर्चची इमारतच नसते. एक आड एक रविवारी कुणाच्या तरी घरी किंवा गोठ्याच्या माळ्यावर उपासना, बाकडी एका गाडीतून या घरून त्या घरी जातात. आमच्याकडे याला ‘मंडळी’ शब्द आहे. वर दफ्तरदारांनी सहज वापरलाच आहे. तेव्हा ‘आमिश धर्म स्वीकारला’ नकोच. धर्म ख्रिस्तीच. ‘मंडळीत आला’ म्हणा.

आणि हे महत्त्वाचं आहे, कारण आमिश आईबापांच्या पोरालाही तेच क्रियापद लागतं. तो बाप्तिस्मा घेतो तेव्हा ‘मंडळीत येतो’. त्याआधी नऊ बैठका होतात. वडीलजन उमेदवारांना वेगळ्या खोलीत नेऊन १६३२ च्या डॉर्ड्रेख्त कबुलीजबाबाची, म्हणजे श्रद्धेच्या जाहीरनाम्याची, अठरा कलमं समजावतात, एका बैठकीला दोन. बाहेरून आलेल्यालाही हेच. दार एकच आहे. फक्त आतलं पोर त्या दारापर्यंत अंगणातून येतं, आणि बाहेरच्याला डाइच शिकत, घोडा जुंपत, एखाद्या कुटुंबाजवळ राहत यावं लागतं. ते कुणाला बोलवायला जात नाहीत. येणारे थोडे, टिकणारे त्याहून थोडे. आणि टिकला तरी योडर, मिलर, स्टोल्ट्झफस यांच्यात त्याचं आडनाव वेगळं दिसतंच.

उंबरठा
त्या टिकण्याबद्दल. येणाऱ्याला वाटतं वीज सोडणं अवघड. ते आठवड्यात सवयीचं होतं म्हणतात. अवघड असतं ‘मला वाटतं’ सोडणं. विद्वान लोक त्याला गेलासनहाइट म्हणतात. बोलीत साधा शब्द आहे, उफगेव्वे. शब्दशः ‘सोडून देणे’, स्वतःचा हेका.

जुनंपान
आणि त्याच्या उलट होखमूट, म्हणजे गर्व, ज्याला मराठीत त्यांच्यासाठीच घडवल्यासारखा शब्द आहे: ताठा. गर्व मनात असतो, ताठा मानेत दिसतो. आमिशांना तो कपड्यात, गाडीत, फोटोसाठी उभं राहण्यात दिसतो. डेमूट म्हणजे लीनता.

ऑर्डनुंगला ‘नियमावली’ नको, ती छापील वाटते. ही बहुतेक न लिहिलेली असते. वर्षातून दोनदा, प्रभुभोजनाच्या आधी, मंडळी जमून ती पुन्हा मान्य करते. एकमत नसेल तर प्रभुभोजनच पुढे ढकलतात. मोटारीत बसायला चालेल, मालकीची नको. फोन शेताच्या कडेला खोपटात चालेल, घरात नको. कारण विचारलं तर आपली आजी देईल तेच उत्तर: आमच्यात तशी रीत नाही. ‘रीत’ लिहा.

ढवळ्यापवळ्या
विचारलं नाही तरी सांगतो. लेखात कोठार उभारायचा प्रसंग असणारच, आमिशांवरच्या लेखात असतोच. शंभर माणसं येतात, संध्याकाळपर्यंत सांगाडा उभा. तिथे ‘सामूहिक श्रमदान’ लिहिलंत तर मी अंक फाडीन. त्याला ते फ्रॉलिक म्हणतात, म्हणजे मौजच. आपल्याकडे इर्जिक म्हणतात. एकाच्या रानात सगळ्यांची औतं, आणि त्यानं सगळ्यांना जेवू घालायचं. सावड नव्हे हं. सावडीत दिवसाला दिवस फेडावा लागतो, हिशोब असतो. इर्जिकीत हिशोब नसतो, जेवण असतं.

पाटीपेन्सिल
प्रसंग आहे, आणि मी अगदी ‘सामूहिक श्रमदान’च लिहिलं होतं. खोडलं. रुमस्प्रिंगाचं काय?

तुळशीमाळ
‘उनाडकी’ ही टीव्हीनं पढवलेली समजूत. सोळाव्या वर्षानंतर बाप्तिस्म्यापर्यंतचा काळ. पोरं मंडळीची नसतात, म्हणून तिची रीत त्यांना पुरती लागू नाही, इतकंच. काही दारू पितात, मोटार घेतात, हे खरं. बाकीची रविवारी संध्याकाळी गाण्याच्या बैठकीला जमतात आणि कोण कोणाला गाडीतून घरी सोडतं ते बघतात. मुळात ‘रुम’ म्हणजे इकडेतिकडे, आणि ‘श्प्रिंगे’ म्हणजे त्यांच्या बोलीत पळणे. ग्रांथिक जर्मनवाले त्याची ‘उडी’ करतात, ती चूक. शेवटी दहांतले आठ-नऊ परत येऊन शपथ घेतात. मला ‘हिंडतं वय’ बरं वाटतं. आमच्या गावात म्हणतात, पोरगं हिंडतंय अजून.

पाटीपेन्सिल
‘हिंडतं वय’ घेतलं! आता माइडुंगच तेवढं राहिलं.

नगरवाला
त्यांचा आधार बायबलमधला, करिंथकरांस पहिल्या पत्रातला पाचवा अध्याय. अर्थ असा की, अशा माणसाबरोबर जेवूही नये. मग शब्द जेवणातूनच काढा. ‘पंक्तीबाहेर’. व्यवहारात घडतंही तसंच. बान असलेला मुलगा घरी आला तर त्याला हाकलत नाहीत. वाढतात. पण त्याच टेबलाला बसवत नाहीत. काही घरांत दोन टेबलं चार बोटं अंतर ठेवून लावतात आणि वरून एकच चादर घालतात. दिसायला पंगत एक, नियमाला दोन. त्याला मदत करायची, त्याच्या हातून काही घ्यायचं नाही. त्यानं मीठ टेबलावर ठेवावं, मग उचलावं. आणि तो परत येऊन गुडघे टेकून कबुली देईल त्या दिवशी सगळं मिटतं.

दफ्तरदार
चार बोटांचं अंतर चादरीनं झाकलं म्हणून ते अंतर जात नाही. माझं मत कायम. पण ‘पंक्तीबाहेर’ हा शब्द सौम्य नाही, हे कबूल करतो. माझ्या आजीला विचारलं असतं, तर ‘वाळीत’पेक्षा तोच जास्त लागला असता तिला.

जुनंपान
मग बानला ‘मंडळीबाहेर काढणे’ आणि माइडुंगला ‘पंक्तीबाहेर ठेवणे’. दोन शब्दांना दोन शब्द. एका ठिकाणी कंसात ‘आपल्याकडच्या वाळीत टाकण्याशी नातं सांगणारं’ असं घाला, दफ्तरदारांसाठी.

पाटीपेन्सिल
घातलं. आता शेवटचा. लेखक ज्याच्याशी बोललाय तो सतराव्या वर्षी घर सोडून ट्रक चालवायला लागला. मूळ लेखात ‘एक्स-आमिश’ आहे. मी ‘माजी आमिश’ लिहिलं, पण ते माजी आमदारासारखं वाटतं.

तुळशीमाळ
सतराव्या वर्षी? मग शपथ झालीच नव्हती. माजी कसला? तो आमिशांच्या घरचा. तेवढंच लिहा.