चर्चा: आवाजाचा प्रकाश करणारे शिल्प गुहागरच्या पुळणीवर असावे का?

सुरूचे बन (धागाकर्ता):
समजा, गुहागरच्या पुळणीवर शिडाच्या आकाराचे एक उंच शिल्प उभे राहिले आणि त्याच्या अंगावरच्या काचेच्या पट्ट्या आसपासच्या आवाजाबरोबर उजळू लागल्या: लाटेच्या खर्जाला तांबूस, माणसांच्या बोलण्याला पिवळा, टिटवीच्या ओरडण्याला निळसर पांढरा. हे शिल्प सध्या माझ्या कल्पनेतच आहे, पण कल्पना अगदीच हवेतली नाही. ग्रॅहॅम बेल यांनी १८८० साली पातळ आरशावर बोलून, त्याच्या थरथरीने सूर्यप्रकाश कमीजास्त करून आवाज पलीकडे पोहोचवला होता. क्रोएशियातल्या झादर शहरात २००५ पासून लाटाच पायऱ्यांखालच्या नळ्यांतून सूर काढतात, आणि शेजारी २००८ मध्ये बसवलेले काचेचे वर्तुळ दिवसा साठवलेल्या सौरऊर्जेवर रात्री उजळते. आपल्याकडे किनारा सुशोभित करायचा म्हटले की सिमेंटचे डॉल्फिन आणि ‘आय लव्ह’ अमुकतमुक अशी अक्षरेच का यावीत?

खाजणातला बगळा:
आधी एक हिशेब मांडतो. साध्या बोलण्याचा आवाज सुमारे ६० डेसिबल असतो, म्हणजे एका चौरस मीटरवर वॅटचा दहा लाखावा भाग. एक वॅटचा दिवा निव्वळ गप्पांवर पेटवायचा, तर एक चौरस किलोमीटरचा पडदा हवा, आणि तोही कणभर ऊर्जा वाया न घालवणारा. तेव्हा ‘आवाजाचा प्रकाश होतो’ हे कवितेपुरते ठीक आहे. प्रत्यक्षात मायक्रोफोन कान देईल आणि दिवे विजेवरच जळतील. मग त्याला शिल्प म्हणायचे की महागडी रोषणाई, हे धागाकर्त्यांनी सांगावे.

सुरूचे बन:
वीज लागेल हे मान्यच आहे. सनईलाही वाजवणाऱ्याचा श्वास लागतो, म्हणून तिला कोणी फसवणूक म्हणत नाही.

पुळणीवरची पावले:
माझा आक्षेप विजेला नाही, जागेला आहे. ऑलिव्ह रिडले कासवांच्या माद्या साधारण नोव्हेंबर ते मार्च या काळात आपल्या किनाऱ्यावर रात्री अंडी घालायला येतात, आणि पन्नासेक दिवसांनी पिल्ले बाहेर पडतात. पिल्लांना समुद्राची दिशा कळते ती क्षितिजावरच्या उजेडावरून. पाठीमागे त्याहून ठळक दिवा असेल तर ती किनाऱ्यामागच्या सुरूच्या झाडांच्या दिशेने चालू लागतात आणि कुत्र्या-कावळ्यांच्या तावडीत सापडतात. त्यातही निळसर पांढरा प्रकाश त्यांना सर्वांत जास्त भुलवतो, म्हणजे टिटवीसाठी निवडलेला रंग नेमका घातक आहे. शिवाय शिमगा येतो फाल्गुनात, पिल्ले बाहेर पडण्याच्या ऐन दिवसांत. ढोलाच्या दणक्यावर हे शिल्प लखलखू लागले तर काय होईल, याची कल्पना कोणत्याही कासवमित्राला विचारावी.

बंदरावरचा गडी:
कासवमित्र अंडी उचलून कुंपणाच्या आत पुरतात आणि पिल्ले सकाळ-संध्याकाळ पाण्यात सोडतात. पिल्लांचा प्रश्न त्यामुळे उरत नाही. प्रत्येक नव्या गोष्टीच्या आड कासव आणायचे ही आता सवयच झाली आहे.

पुळणीवरची पावले:
जी घरटी सापडतात त्यांचीच अंडी उचलली जातात. आणि मादी? ती रात्रीच येते, आणि पुळण उजळलेली दिसली तर अंडी न घालताच परत फिरू शकते. तिच्यासाठी कुठले कुंपण घालणार?

सहाणेवरचा ढोल:
चर्चा किनाऱ्यावरच अडकली आहे, म्हणून थोडी वेगळी बाजू मांडते. माझा भाचा जन्मापासून कर्णबधिर आहे. शिमग्यात पालखी सहाणेवर, म्हणजे गावात ती टेकवतात त्या जागेवर, आली की तो गर्दीतून वाट काढत ढोलकऱ्याजवळ जातो आणि ढोलाच्या कडेला तळहात टेकवून उभा राहतो. ठेका बदलला की आमच्याआधी त्याचे पाऊल बदलते. त्याच्यासारख्यांना तोच ठेका पाच पावले दूर उभे राहूनही दिसला, तर त्याला रोषणाई म्हणून निकालात काढू नये. मात्र त्यासाठी समुद्र कशाला हवा? शिल्प सहाणेजवळ उभारावे, म्हणजे कासवांचाही प्रश्न सुटेल.

खाजणातला बगळा:
सहाणेजवळ वस्ती असते. शिल्प आवाजाने उजळते हे कळले की पाहुणे मंडळी त्याच्यासमोर बोंबलणारच, आणि तेही शिमगा नसताना. निवासी भागात रात्री दहा ते सकाळी सहा ४५ डेसिबलची मर्यादा आहे. ती मोडणाऱ्याला बक्षीस म्हणून उजेड देणारे यंत्र गावाच्या मध्यावर बसवणे मला तरी शहाणपणाचे वाटत नाही.

सुरूचे बन:
हा आक्षेप मला सर्वांत रास्त वाटतो, कारण तो कल्पनेच्या गाभ्यालाच लागतो. पण शिल्पाची रचना उलटही करता येईल: एका मर्यादेपर्यंत आवाजाबरोबर उजळावे आणि त्यापुढे मंदावत जाऊन विझावे. ओरडणाऱ्याला अंधार मिळेल, कुजबुजणाऱ्याला उजेड.

सहाणेवरचा ढोल:
मग ढोल वाजताच ते विझेल, आणि माझ्या भाच्याच्या वाट्याला पुन्हा अंधारच. शिमग्याच्या दिवसांपुरती ती मर्यादा काढून टाकता येणार असेल तरच माझा पाठिंबा समजावा.

बंदरावरचा गडी:
जागा कोणतीही ठरवा, खारे वारे लक्षात घ्या. मालवणच्या राजकोटावरचा पुतळा २०२३ च्या डिसेंबरात उभा राहिला आणि २०२४ च्या ऑगस्टात कोसळला. इथे तर वायरी, जोड आणि मायक्रोफोनच्या जाळ्या आहेत. आमच्या होडीच्या इंजिनावरचा साधा नटसुद्धा ग्रीस न लावता एक पावसाळा काढत नाही. उद्घाटनाला सगळेच येतील. दर पंधरवड्याला गोड्या पाण्याने ते धुणारा माणूस कोण, आणि त्याचा पगार ग्रामनिधीतून की नगरपंचायतीकडून, हे कोणी लिहिणार असेल तर मी पुढे वाचतो.