सूटेमनने तोच काळ दुसऱ्यांदा का लिहिला?

कुळागर (माशेल)
मी जत्रेतली नाटकं लिहितो. यंदा पहिल्यांदाच चाळीस मिनिटांची फिल्म लिहायला घेतली आहे, गोवा पोर्तुगीजांपासून मुक्त होण्याआधीच्या आमच्या गावाची. आजीने सांगितलेला एक माणूस डोक्यातून जात नाही. दिवसा रेजिदोराच्या, म्हणजे पोर्तुगीज सरकारच्या गावप्रमुखाच्या, बाल्कांवात बसायचा आणि रात्री आमच्या मागीलदारी लपलेल्या पोरांना पेज पोचवायचा. मुक्तीनंतर गावाने त्याला पाखल्यांचा, म्हणजे पोर्तुगीजांचा, हेर ठरवून वाळीत टाकलं. आजी मात्र दर चवथीला त्याच्याकडे नेवऱ्या पाठवायची.

तीन खर्डे झाले. दर वेळी झेंडा घेतलेला तरुणच पुढे येतो आणि हा माणूस कोपऱ्यात जातो.

गेरार्ड सूटेमन या डच पटकथाकाराचं काम बघतोय. १९७७ चा ‘सोल्जर ऑफ ऑरेंज’ आणि २००६ चा ‘ब्लॅक बुक’, दोन्हींत नाझींच्या ताब्यातलं हॉलंड, दिग्दर्शकही तोच, पॉल व्हरहोवन. पहिल्यात लढणारा देखणा विद्यार्थी, दुसऱ्यात कोणावर विश्वास ठेवावा तेच कळत नाही. एवढा फरक कसा पडला?

मांडवीकाठ
कुळागरबाब, पहिला चित्रपट एका खऱ्या सैनिकाच्या आठवणींवर आहे. त्या चित्रपटासाठी केलेल्या शोधात हाती आलेलं बरंच त्यात मावलं नाही, ते पुढे ‘ब्लॅक बुक’मध्ये आलं. ती पटकथा कित्येक वर्षं अडून होती, कारण नायक पुरुष होता. सूटेमनने त्या जागी बाई आणली आणि गाडी पुढे सरकली. जर्मन कचेरीत, मेजवानीत ती सहज शिरते, त्यामुळे दोन्ही बाजू आपल्याला तिच्याच डोळ्यांनी दिसतात. तुमचा झेंडेवाला रेजिदोराच्या घरात जाऊच शकत नाही. तिथेच तुमचं घोडं अडलंय.

शेवंती, फोंडें
सूटेमननेच लिहिलेला ‘द असॉल्ट’ (१९८६) बघाच. दिग्दर्शक फोन्स राडेमाकर्स, परभाषिक चित्रपटाचं ऑस्कर मिळालेलं. जानेवारी १९४५, हार्लेम. जर्मनांना सामील झालेला एक पोलीस रस्त्यात मारला जातो. शेजारी प्रेत ओढून दुसऱ्याच्या दारात टाकतात आणि त्या दारातल्या मुलाचं घरदार जातं. शेजाऱ्यांनी तसं का केलं, हे त्याला कळायला पुढची कित्येक वर्षं लागतात. लढाई थोडकी, बाकी सगळं नंतरचं. माझ्या मते तुमची गोष्टही मुक्तीच्या दिवसानंतर, १९ डिसेंबर १९६१ नंतर सुरू होते.

मांडवीकाठ
आणि सूटेमनचाच १९७६ चा ‘मॅक्स हॅवेलार’. जावातल्या डच राजवटीवर, डच माणसानेच लिहिलेला. त्यात रयतेच्या म्हशी नेणारा तिथलाच देशी सरदार आहे आणि गोरे अधिकारी ते चालू देतात. गोंयकाराने बघावा असा.

कुळागर (माशेल)
बाई आणली, हे वाचून रात्रभर झोप नाही. आजीच! ती दोन्ही घरांत जायची, तिला कोणी अडवलं नाही. आणि मी तिला तिन्ही खर्ड्यांत नुसती चुलीपाशी बसवून ठेवली होती.

पहिलं पान फाडलं. आता चवथीची सकाळ आहे, ताट केळीच्या पानाने झाकलंय, आणि सगळा वाडा बघत असताना ती त्या माणसाच्या पायऱ्या चढते.