'भाऊबंदकी' नेमकी कुठल्या भांडणाला म्हणायची?

(ओसरी, बांधकरी आणि तळटीप ही बोलणाऱ्यांची टोपणनावं.)

ओसरी: कौटुंबिक कथामालिकेची ओळख लिहितेय. सासू-सुनेच्या कुरबुरींना 'भाऊबंदकी' चालेल? 'गृहकलह' फार पुस्तकी वाटतो.

बांधकरी: नाही चालणार. भाऊबंद म्हणजे एका कुळातले, एका आडनावाचे. लग्नाने जोडले जातात ते सोयरे. भाऊबंदकी पेटते ती सामाईक गोष्टीवरून: बांध, वतन, विहिरीच्या पाण्याची पाळी. खाडिलकरांच्या नाटकाचं (१९०९) 'भाऊबंदकी' हे नाव म्हणूनच चपखल आहे. राघोबादादा नारायणरावांचे सख्खे चुलते आणि वाद पेशवेपदाचा. सासू-सुनेत धुसफूस असते, खटके उडतात.

ओसरी: मग आनंदीबाई?

बांधकरी: ती नवऱ्याच्या हक्कासाठी भांडते. जावाजावांचंही तसंच. जुंपते दुधाच्या सायीवरून, आत हिशेब वाटणीचा असतो. वाचक पानाला खिळतो तो त्या आतल्या हिशेबामुळे. नुसती साय असेल तर दोन भागांत कंटाळतो.

तळटीप: याच कारणाने कथेत 'कझिन' लिहू नका. चुलतभाऊ वाटेकरी असू शकतो, मामेभाऊ तुमच्या घराण्याच्या जमिनीत नसतो. मामेबहिणीशी लग्न महाराष्ट्रात अनेक समाजांत चालतं, चुलतबहिणीशी नाही. 'कझिन' म्हटलं की वाटणी आणि सोयरीक, दोन्ही कथानकं हातची गेली. (भाषांतरांत तर 'चुलत' डोळे झाकून ठोकून देतात.)

ओसरी: आणि नणंद? ती माहेरचा हिस्सा मागते, असा भाग आहे.

तळटीप: कथेचा काळ पाहा. हिंदू वारसा कायद्यात २००५ साली दुरुस्ती झाली आणि वडिलोपार्जित मिळकतीत मुलगी जन्मतः मुलाइतकीच वाटेकरी ठरली. आजच्या कथेत भाऊ तिला 'देतो' असं लिहिलंत तर पात्र चुकत असेल, निवेदकाने चुकू नये. दुसरी हमखास चूक हक्कसोडपत्राची. राखीपौर्णिमेला बहीण नोटरीच्या कागदावर सही करते आणि विषय संपतो, असं दाखवतात. जमिनीवरचा हक्क सोडायचा तर दस्त दुय्यम निबंधकाकडे नोंदवावा लागतो. म्हणजे सगळ्यांनी एका गाडीतून तालुक्याला जायचं, रांगेत बसायचं, अंगठा द्यायचा. अख्खा प्रसंग आयता मिळतो, तो का सोडता?

ओसरी: बहीण-भावाच्या या वादाला तरी भाऊबंदकी म्हणू ना?

बांधकरी: हल्ली म्हणतात. मला खटकतं. 'वाटणीचा वाद' लिहा.

तळटीप: मला नाही खटकत. वाटेकरी झाली, तर भाऊबंदकीतही आली.