प्रति: जुन्या नावाची सिमलिंक हा उपाय नव्हे

लिनक्सवर जुना प्रोग्राम सुरू करताना 'लिबएसएसएल डॉट एसओ डॉट १.१ सापडत नाही' अशी त्रुटी येते; ही फाइल म्हणजे ओपनएसएसएल या एन्क्रिप्शनच्या लायब्ररीची (अनेक प्रोग्राम वापरतात अशा सामाईक कोडची) जुनी आवृत्ती. त्यावर, असलेल्या लिबएसएसएल डॉट एसओ डॉट ३ या नव्या आवृत्तीला जुन्या नावाची सिमलिंक (दुसऱ्या फाइलकडे बोट दाखवणारे नाव) द्यावी, असे या चर्चेत आधी सुचवले आहे. त्याच्याशी मी सहमत नाही. फाइलच्या नावाअखेरचा आकडा ही शोभेची गोष्ट नसून, तो बदलला म्हणजे जुन्या प्रोग्रामशी सुसंगतता राहिलेली नाही, अशी लायब्ररी लिहिणाऱ्यांचीच सूचना असते. शिवाय ओपनएसएसएलमध्ये प्रत्येक सिंबॉलवर (लायब्ररीतील फंक्शन वगैरेंच्या नावावर) आवृत्तीची खूण असल्यामुळे लोडर, म्हणजे प्रोग्राम सुरू होताना त्याला लायब्रऱ्या जोडणारा भाग, फाइल उघडतो खरा, पण लगेच 'ओपनएसएसएल_१_१_० ही आवृत्ती आढळली नाही' असे सांगून थांबतो. आणि हे बरेच म्हणायचे, कारण जिथे अशी खूण नसते तिथे प्रोग्राम सुरू होऊन भलत्याच ठिकाणी कोसळतो आणि मूळ कारण शोधणे जिकिरीचे होते.

त्याऐवजी जुनी लायब्ररी वेगळ्या डिरेक्टरीत ठेवून, लायब्रऱ्या कुठे शोधायच्या हे सांगणारे एलडी_लायब्ररी_पाथ हे चल फक्त त्या प्रोग्रामला सुरू करणाऱ्या छोट्या स्क्रिप्टमध्ये द्यावे. ते लॉगिनच्या फाइलमध्ये लिहिल्यास इतर प्रोग्रामही तीच जुनी प्रत उचलू शकतात. अर्थात, जुन्या प्रतीला सुरक्षेच्या दुरुस्त्या मिळत नसतील, तर ही सोय तात्पुरतीच समजावी. प्रोग्रामला लागणाऱ्या लायब्रऱ्या दाखवणाऱ्या एलडीडी या आज्ञेचा उल्लेख चर्चेत आधी आलाच आहे, पण काही परिस्थितींत ती आज्ञा तपासायची फाइलच चालवू शकते, हे कोणी सांगितलेले नाही. अनोळखी ठिकाणाहून उतरवलेल्या बायनरीसाठी (तयार प्रोग्रामच्या फाइलसाठी) 'ऑब्जडंप -पी' ही फाइल न चालवता वाचणारी आज्ञा वापरून त्यातील 'नीडेड' या ओळी पाहाव्यात. त्यात फक्त थेट लागणाऱ्या लायब्रऱ्या दिसतात, एवढे ध्यानात ठेवावे.